विषय पुढच्या वर्षी

गेल्या महिन्यात आमच्या मंडळाची स्मरणिका निघाली. तिच्यात एक ओळ आहे: 'विनोदी व्याख्यानांचे जनक कै. नरहरी हिवरकर.' ती वाचून माझं डोकं फिरलं. छापणाऱ्या पोराला फोन करून चांगलं झापलं. तो शांतपणे म्हणाला, "काका, जो फाइल में था, वही छापा." फाईल मीच, खरं कळायच्या आधी, तयार केलेली; 'कै.' तेवढं नवं. रायपूरच्या या मराठी मंडळाचा मी पंचवीस वर्षं चिटणीस होतो, म्हणजे चूक शोधत गेलो आणि ती माझ्याच दाराशी येऊन थांबली. म्हणून हे लिहायला बसलो आहे.

नरहरीची सगळी व्याख्यानं त्याच्या बायकोनं लिहिली होती. वनमाला हिवरकर तिचं नाव. हे मंडळाच्या लोकांसमोर, तिच्या देखत, एकदा तरी मोठ्यानं बोललं जावं, एवढंच तिला हवं होतं. ते झालं नाही. त्यात माझा हात आहे, आणि खरोखरच हात आहे, कारण घंटा माझ्या हातात होती.

वनमालावहिनी अमरावतीच्या. वडील एका मिशनच्या शाळेत शिपाई. शाळेच्या कपाटातली फाटकी इंग्रजी पुस्तकं ते घरी आणत आणि ही पोरगी ती अधाशासारखी वाची. मॅट्रिकला इंग्रजीत शाळेत पहिली आली आणि त्याच उन्हाळ्यात तिचं लग्न झालं. त्या काळी आमच्यात हुशार मुलीला बक्षीस म्हणून लवकर नवरा देत. नवरा मिळाला तो रायपूरच्या सिंचन विभागात ट्रेसर, म्हणजे मोठ्या साहेबांचे नकाशे पातळ कागदावर गिरवणारा. माणूस सज्जन. पण चेहरा असा की बारशाला गेला तरी लोक विचारायचे, कोण गेलं?

१९८१ साली रेल्वे कॉलनीतल्या एका वाचनालयानं जुनी पुस्तकं काढून टाकली. नरहरी त्यातलं एक जाडजूड पुस्तक घरी घेऊन आला, इंग्रजी पत्रं कशी लिहावीत त्याचं असेल असं समजून. पहिली पानं फाटलेली, त्यामुळे ते कोणी लिहिलं हे शेवटपर्यंत कळलं नाही. आत पत्रं नव्हती. शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वी अमेरिकेत विनोदी व्याख्यानं देत फिरणाऱ्या लोकांची भाषणं होती. ही मंडळी म्हणे गावोगाव हिंडत, खाणकामगारांच्या वस्तीत, शाळेत, चर्चच्या हॉलमध्ये, दिव्याच्या उजेडात तिकीट लावून बोलत. त्यांचे नियम फार कडक. वक्त्यानं स्वतः हसायचं नाही. लोक हसले की दचकून त्यांच्याकडे बघायचं, काय झालं बुवा यांना, अशा चेहऱ्यानं. जाहिरातीत एक विषय द्यायचा आणि बोलताना त्याला हातही लावायचा नाही.

वहिनी दुपारी गच्चीवर सांडग्यांची राखण करत शब्दकोश मांडीवर घेऊन ते वाचायच्या आणि एकट्याच हसायच्या. नरहरीनं विचारलं, "काहून हसून राहिली वं एकटीच?" तेव्हा त्यांनी एक भाषण त्याला मराठीत सांगितलं. तो आपला नेहमीचा मयताचा चेहरा करून ऐकत बसला. त्या चेहऱ्याकडे बघून त्यांना आणखी हसू आलं, आणि तिथेच त्यांच्या डोक्यात हे सगळं आलं. अमेरिकेतल्या लोकांनी जो चेहरा कमावायला वर्षं घालवली, तो त्यांच्या घरात आयता होता.

त्यांनी भाषांतर केलं नाही. अमेरिकेच्या आगबोटी काढून टाकल्या आणि तिथे गोंदिया पॅसेंजर आणली. तिकडचे शेतकरी गेले आणि आमच्या पाऱ्यातला, म्हणजे मोहल्ल्यातला, दूधवाला आला. विषयही त्यांनीच ठरवला: स्वतःचा. मंडळाच्या फळ्यावर लिहिलं जाई, 'गणेशोत्सवानिमित्त व्याख्यान. वक्ते: श्री. नरहरी हिवरकर. विषय: आमच्या सौ.' आणि नरहरी उभा राहून, पाण्याचा घोट घेऊन, सुरू करी:

"आजचा विषय आमच्या सौ. त्यांच्याकडे वळण्याआधी मी दोन शब्द गोंदिया पॅसेंजरविषयी बोलतो, कारण मी त्यांना बघायला गेलो तो त्याच गाडीनं. गाडी अजून यायची आहे."

मग गाडी यायची नाही. गाडीतल्या टी.सी.चा मेहुणा यायचा, त्याची बकरी यायची, बकरीच्या तिकिटावरून झालेला पत्रव्यवहार यायचा, पण सौ. यायच्या नाहीत. चाळिसाव्या मिनिटाला मी घंटा वाजवायची. घंटा म्हणजे गणपतीच्या आरतीचीच, पितळेची. ती वाजली की नरहरी अर्धं वाक्य तसंच सोडायचा, कागदाची घडी करायचा आणि म्हणायचा, "विषय पुढच्या वर्षी." लगेच कापूर पेटायचा आणि आरती सुरू. घंटेची ही जागासुद्धा वहिनींनीच नेमली होती. मला मात्र ती सूचना नरहरीच्या तोंडून आली, म्हणून मी त्याच्या डोक्याची तारीफ करत असे.

पहिल्या वर्षी नरहरी म्हणाला होता, तुझं नाव सांगतो. वहिनींनीच नको म्हटलं. "बाईनं लिहिलं म्हटलं तर आधी तोंडाकडे पाहतीन, मग हसतीन. एकदा जम बसू द्या, मग सांगा." जम पहिल्याच वर्षी बसला. दुसऱ्या वर्षी नरहरीला बोलवायला भिलाईहून लोक आले. तिसऱ्या वर्षी शाल मिळाली. मान कोणाला कडू लागतो? सांगायचं राहून गेलं, आणि जितकं राहिलं तितकं अवघड झालं. हळदीकुंकवाला बायका वहिनींना विचारायच्या, "काय विषयबाई, आल्या का एकदाच्या?" हे नाव त्यांना कायमचं चिकटलं. त्या हसून वाण घ्यायच्या. त्यांची मुलगी मंजिरी घरी येऊन चिडायची, "मम्मी, आपको बुरा नहीं लगता?" वहिनी तिला म्हणायच्या, "लोकं हसले ना? मंग झालं." पण त्यांना लागत होतं. आता मला ते कळतं. तेव्हा त्यांना विषयबाई म्हणणाऱ्यांत मीही होतो.

दर वर्षी व्याख्यानाच्या आधी नरहरी मला बाजूला घ्यायचा आणि गंभीरपणे सांगायचा, "श्याम, यंदा घंटा आणू नको. यंदा विषय येनार आहे." मी हसायचो. हाही खेळाचाच भाग, पडद्यामागचा. एकवीस वर्षं त्यानं हे सांगितलं आणि एकवीस वर्षं मी घंटा चिंच लावून घासून आणली.

मग वेगळं राज्य झालं आणि रायपूर त्याची राजधानी. भोपाळची फायलींची गाठोडी ट्रकांनी रायपूरला आली, एका दवाखान्याची इमारत रिकामी करून तिथे मंत्रालय बसलं, आणि जिथे सायकलींची गर्दी होती तिथे लाल दिव्याच्या गाड्या आल्या. त्यांच्यासोबत बदलून आलेली बरीच मराठी कुटुंबंही आली. मंडळाचा हॉल ओस पडत चालला होता, तो पुन्हा भरला. जुने लोक नव्यांना आधीच सांगून ठेवत, बाकी काही ऐका न ऐका, घंटेकडे लक्ष ठेवा. खरी गंमत तिथे आहे.

आणि त्याच सुमाराला वहिनींचं पोट दुखायला लागलं. नागपूरला नेलं. डॉक्टरांनी नरहरीला बाहेर बोलावून सांगितलं आणि नरहरीनं आपणहून वहिनींना काही सांगितलं नाही. त्या चेहऱ्यावरून तसंही काही कळायचं नाही. वहिनींनीच गाडीत विचारलं, "किती दिवस म्हनते?" तो म्हणाला, "गणपती होऊन जातीन." मग म्हणाल्या, "मंग यंदा विषयावर या. मले ऐकाचं आहे." गाडीतलं हे बोलणं नरहरीनं मला पुढे सांगितलं. आधी सांगितलं असतं तर, असं मी म्हणणार होतो. पण आधीही त्यानं सांगितलंच होतं.

२००२ चा गणेशोत्सव. संध्याकाळी सहाला हॉल गच्च, भाद्रपदातला उकाडा, पंखे नुसतेच फिरत होते. नरहरीनं मला बाजूला घेतलं. "श्याम, यंदा घंटा वाजवू नको. यंदा विषय येनार आहे." मी त्याच्या पाठीवर थाप मारली आणि म्हणालो, "हव, हव. दरवर्षीच येतो." त्यानं माझा हात धरला. "खरंच म्हणून राहिलो." मी म्हणालो, "वा, यंदा तर हातही धरायला लागला." मला त्याच्या अभिनयाचं कौतुक वाटलं. कपाळकरंटा मी.

मंजिरीनं वहिनींना रिक्षातून आणलं. पहिल्या रांगेत वेताची खुर्ची ठेवली होती, तिच्यात त्या शाल पांघरून बसल्या. इतक्या उकाड्यात त्यांना थंडी वाजत होती. आजारी आहेत हे सगळ्यांना माहीत होतं. मला तर सगळ्यांपेक्षा जास्त माहीत होतं. तरीही माझ्या डोक्यात दिवा पेटला नाही.

नरहरी उभा राहिला. "राज्य झालं त्या रात्री मी झोपलो होतो. सकाळी उठलो तर राजधानीत होतो. पलंग तोच होता. आमच्या पाऱ्यातली म्हैस रस्त्याच्या मध्ये बसलेली होती, ती तशीच बसून आहे. फक्त आता तिच्या बाजूनं मंत्री जातात." नवी मंडळी हसून हसून लाल झाली. गाडी, मेहुणा, बकरी सगळे आले, पण यंदा लवकर लवकर येऊन गेले. मी घड्याळ बघत होतो. पस्तीस मिनिटं झाली. नरहरीनं पाणी प्यायलं, कागद सरळ केला आणि म्हणाला, "आता विषय."

हशानं हॉल दणाणला. त्यानं दचकून बघितलं, लोक आणखी हसले. तो थांबला. बराच वेळ थांबला. मग म्हणाला, "हे व्याख्यान मी लिहिलेलं नाही." पुन्हा हशा. त्याचा आवाज किंचित कापला, आणि लोकांना वाटलं काय सुंदर कापला. "मागची एकवीसही मी लिहिलेली नाहीत. ती लिहिली..."

इथे त्यानं माझ्याकडे बघितलं. तो विनवत होता. मला वाटलं तो खूण करतोय. घड्याळात चाळीस मिनिटं पुरी झाली होती. मी मनात म्हटलं, याला म्हणतात वेळ साधणं, आणि सगळा जोर लावून घंटा वाजवली.

माणसं उभी राहिली. टाळ्या, शिट्ट्या. अध्यक्ष नाना शाल घेऊन व्यासपीठावर धावले. नरहरी माइकमध्ये म्हणाला, "दोन मिनिटं, ऐका," आणि त्यावर सर्वांत मोठा हशा झाला, कारण असं तो आजवर कधी म्हणाला नव्हता. तेवढ्यात कापूर पेटला. लोकांनी आरती उचलली. एकदा आरती सुरू झाली की ती कोण थांबवणार? शाल खांद्यावर घेऊन नरहरी टाळ्या वाजवत उभा राहिला. त्यानं वहिनींकडे बघितलं. त्याही टाळ्या वाजवत होत्या, अगदी हळू. त्यांनी मान हलवून त्याला सांगितलं, राहू द्या.

मी त्यांना रिक्षापर्यंत पोचवायला गेलो. "वहिनी, यंदा तर कमाल झाली." त्यांनी माझ्याकडे बघितलं. त्या चिडल्या असत्या तर मला बरं झालं असतं. "घंटा वेळेवर वाजवली भाऊजी तुम्ही," त्या म्हणाल्या आणि शाल सावरून आत सरकल्या. मंजिरीनं रिक्षावाल्याला लगेच निघायला सांगितलं.

पौषात त्या गेल्या.

दहा-बारा दिवसांनी मंडळात शोकसभा ठेवली. त्याच हॉलमध्ये, त्याच व्यासपीठावर त्यांचा फोटो आणि हार. नाना बोलले, "वनमालावहिनी म्हणजे नरहरीरावांच्या विनोदामागची शांत सावली." मग नरहरी उठला. माइकसमोर गेला. पाण्याचा पेला होता, त्याला हात लावला नाही.

"ही माझी सावली नव्हती," तो म्हणाला. "ती व्याख्यानं हिनं लिहिली. बावीसच्या बावीस. मी नुसती वाचायचो."

मग मागच्या रांगेतून एक हसू निसटलं. कोणी तरी तोंडावर हात ठेवला. बायकांनी पदर तोंडाला लावले, पण खांदे हलत होते. त्यांना वाईट वाटत होतं, रडत होत्या, आणि त्यातच हसू फुटत होतं. नाना डोळे पुसत मला म्हणाले, "धन्य आहे. या प्रसंगातही माणूस हसवतो." मीही हसलो होतो. लपवत नाही. हसलो आणि सवयीनं वाट बघत राहिलो की आता हा दचकून आमच्याकडे बघेल.

तो दचकला नाही. बावीस वर्षांत पहिल्यांदा लोक हसले आणि नरहरीला आश्चर्य वाटलं नाही. तो हसू थांबेपर्यंत उभा राहिला, थांबल्यावर सगळ्यांकडे एकदा बघितलं, त्याला कळलं की एकालाही खरं वाटलेलं नाही, आणि तो जाऊन फोटोजवळ सतरंजीवर बसला. तेव्हा कुठे मला ते खरं वाटलं.

दुसऱ्या दिवशी मी त्याच्या घरी गेलो. त्यानं काही न विचारता लोखंडी पेटी उघडली. आत ते पहिली पानं नसलेलं पुस्तक होतं आणि बावीस वह्या होत्या. सगळ्या वहिनींच्या अक्षरात. मजकूर निळ्या शाईत, आणि समासात लाल शाईत सूचना: 'इथे थांबा.' 'इथे पाणी.' 'इथे दचका.' शेवटच्या पानावर प्रत्येक वेळी, 'इथे घंटा.' बकरीच्या पत्रव्यवहारात एक शब्द तीनदा खोडून चौथ्यांदा लिहिलेला होता. एकवीस वर्षं मी ज्या शब्दावर सगळ्यांच्या आधी हसत होतो, तोच तो.

"घरी म्हणायचो मी तिले, सगळं तुझंच आहे म्हणून," नरहरी म्हणाला. "ती म्हणे, घरी म्हणून काय होते? हसून तर लोकं राहिले." मग म्हणाला, "मले गोड लागायचं, श्याम. खोटं कशाले बोलू. तिचं जेवण मीच जेवत होतो इतके वर्षं."

मी त्याची माफी मागितली. तो म्हणाला, "तुयी काय चूक? मी दरवर्षीच तसं म्हणायचो." हे माफ करणं नव्हतं, हिशेब बरोबर होता, आणि म्हणूनच मला ते आजवर पचलेलं नाही.

मी म्हटलं, मंडळाची सभा बोलावतो, मी स्वतः सांगतो. त्यानं हात जोडले. "नको. पुन्हा हसतीन. तिच्यावर आता कोणी हसू नये." म्हणून तो होता तोवर मी गप्प बसलो. त्यानंतर तो कधी व्यासपीठावर चढला नाही. लोक म्हणायचे, बायको गेली आणि बिचाऱ्याचा विनोद गेला. मूर्ख नव्हते लोक, बरोबरच बोलत होते, फक्त काय बोलतोय ते त्यांना माहीत नव्हतं. गेल्या वर्षी नरहरीही गेला. मंजिरीनं पेटी माझ्याकडे आणून दिली. "अंकल, ये आप रखिए," एवढंच म्हणाली आणि चहा न घेता निघून गेली.

बाविसावी वही मी आता उघडून ठेवली आहे. अक्षर थरथरतं, ओळी खाली उतरत गेलेल्या. शेवटच्या पानावर 'इथे घंटा' असं सवयीनं लिहिलेलं आणि मग खोडलेलं. त्याखाली लाल शाईत: 'श्यामभाऊजींना आधी सांगून ठेवणे.' मग निळ्या शाईत ते वाक्य, जे नरहरीच्या तोंडातून निघायच्या आत मी घंटेखाली चिरडलं: 'ती लिहिली माझ्या पत्नीने, वनमाला नरहरी हिवरकर हिने.' बावीस वह्यांमध्ये तिनं स्वतःचं नाव लिहिलं ते एवढ्या एकाच ठिकाणी.

आणि त्याच्या समासात शेवटची सूचना आहे. आपल्या लोकांना ती पुरती ओळखत होती. 'इथे लोक हसतील. हसू द्या. पाणी प्या. मग पुन्हा सांगा.'

नरहरीला पुन्हा सांगता आलं नाही. म्हणून मी सांगतो. या लेखाच्या सुरुवातीला एकदा सांगितलं, तेव्हा कोणी हसलं असेल तर हसो. मी थांबलो, पाणी प्यायलो. आता पुन्हा सांगतो. ती बावीस व्याख्यानं वनमाला नरहरी हिवरकर यांनी लिहिली.